झाडवाल्या बाईचं एक मिनिट

भांडं रिकामं परत आलं.

झुलेइदेने ते दारातच हातात घेतलं, झाकण उचलून आत पाहिलं. घासून लख्ख केलेलं होतं. परवा याच भांड्यातून तिने शेजारी ओल्या मक्याची घट्ट खीर पाठवली होती, वर दालचिनी भुरभुरून. त्यांच्या वस्तीत, काझा अमारेलात, कोणी कोणाचं भांडं रिकामं परत करत नाही. घरात काही नसेल तर दोन लिंबं टाकतात, मूठभर कॉफी टाकतात. तेवढंही नसेल तर भांडं ठेवून घेतात आणि काहीतरी शिजेपर्यंत थांबतात. रिकामं भांडं म्हणजे तोंडावर लावलेलं दार.

“धुतलंय,” भांडं घेऊन आलेला तार्सीझिओ म्हणाला. उंचापुरा, बंदरातल्या नोकरीतून निवृत्त झालेला माणूस, पण आत्ता शाळेत चिठ्ठी घेऊन पाठवलेल्या पोरासारखा उभा होता.

“दिसतंय. तिने धुतलं की तू?”

“तिने. मी आत दोन केळी ठेवली होती. तिने काढून घेतली.”

“इतकी चिडलीय?”

“चिडली असती तर बरं होतं गं. काल एकाची दाढ उपटताना गाणं गुणगुणत होती. पेशंट घाबरला, मीही घाबरलो.”

निवाल्दा म्हणजे तार्सीझिओची बायको, वस्तीतली दातांची डॉक्टर आणि झुलेइदेची कोमाद्रे, म्हणजे मानलेली बहीण. सोळाव्या वर्षी, संत जुआंवच्या सणाच्या आदल्या संध्याकाळी, दोघींनी हात धरून शेकोटीवरून उडी मारली होती आणि संताचं नाव घेऊन एकमेकींना कोमाद्रे म्हटलं होतं. या नात्याला पाद्री लागत नाही, कागद लागत नाही. आग लागते आणि बघणारी चार माणसं. त्यानंतर दोघींची लग्नं झाली, झुलेइदेचं मोडलं, दोघींनी शेजारी शेजारी घरं घेतली. दर वर्षी दोन्ही फाटकांच्या मध्ये रस्त्यावर एकच शेकोटी पेटायची आणि ती दोघी मिळून पेटवायच्या. यंदाची शेकोटी येत्या सोमवारी होती. आज गुरुवार.

“आत ये, कॉफी घे,” झुलेइदे म्हणाली.

“नको. घेतली तर तिला वास येईल.” तो जाग्यावरच चुळबुळला. “निरोप आहे. ती उत्तराचा हक्क मागतेय.”

“काय?”

“उत्तराचा हक्क. टीव्हीवर निवडणुकीच्या वादात उमेदवार मागतात ना, दुसऱ्याने बदनामी केली म्हणून? तसा. एक मिनिट, घड्याळ लावून, तुझ्याच माइकवर. येत्या शनिवारी.”

झुलेइदेला हसू आलं. मग तिने हातातल्या भांड्याकडे पाहिलं आणि ते ओसरलं.

“आणि नाही दिला तर?”

“तर सोमवारी शेकोटी तुझी तू पेटव, असं म्हणालीय.” तार्सीझिओने खांदे उडवले. “मला मध्ये घेऊ नका. माझं म्हणणं मी पहिल्या दिवशीच सांगितलंय. आई माझी होती, झाड माझ्या आईचं आहे, आणि मी म्हणतो तोडा. पण वचन हिने दिलंय, त्यामुळे मला कोणी विचारत नाही.”

झाड फणसाचं होतं. सगळा घोटाळा त्या फणसापासून सुरू झाला होता.

झुलेइदे विद्यापीठात तत्त्वज्ञान शिकवायची आणि दर शनिवारी सकाळी वस्तीतल्या बाजारात, मासळीच्या ओट्यांपुढे उभी राहून, तेच तत्त्वज्ञान खरेदीला आलेल्यांना सांगायची. स्थानिक रेडिओवरून ते थेट जायचं. लोक फोनवर टिपून पुढे पाठवायचे. पलीकडच्या राज्यांतूनही तिला प्रश्न यायचे. विद्यापीठातले काहीजण नाकं मुरडायचे. ‘बाजारू तत्त्वज्ञान’ हा शब्द कानावर आला तेव्हा ती भर बैठकीत म्हणाली होती, “ग्रीसमध्ये ते बाजारातच सुरू झालं. खोलीत तुम्ही कोंडलंत.” त्यानंतर तो शब्द तिच्यासमोर कोणी काढला नाही.

तिची पद्धत ठरलेली होती. आधी एक गोष्ट, ओळखीची वाटेल अशी. मग त्या गोष्टीतला पेच, दोन्ही बाजूंनी उलगडून. आणि शेवटी एक वाक्य, भाजीबरोबर पिशवीत घालून घरी नेता येईल असं. लोक त्या वाक्यासाठी थांबायचे. ते जुळून आलं की तिला स्वतःलाच कळायचं. मासे कापणाऱ्या बिऊचा सुरा थांबायचा.

महिन्याभरापूर्वीचा विषय होता मेलेल्या माणसाला दिलेलं वचन. तिने गोष्ट सांगितली. एका म्हातारीने मरताना सुनेकडून वचन घेतलं की अंगणातला फणस तोडायचा नाही. म्हातारी गेली. फणसाची मुळं पसरली, शेजारणीची कुंपणाची भिंत तडकली. सून म्हणते, मी शब्द दिलाय. आता सांगा, हा शब्द कोण मागतंय? ज्याला वचन दिलं तोच आपल्याला त्यातून मोकळं करू शकतो. तोच नसेल तर बांधणारं कोण? मेलेल्यांनी वचनं घेऊन ठेवली आणि आपण ती पाळत बसलो, तर या शहरात जिवंतांना जागा उरेल का? आणि मग वाक्य आलं: “वचनाला मालक लागतो. मालक गेला की वचन बेवारस.”

बिऊचा सुरा थांबला. ते वाक्य त्याच दुपारी शहरभर झालं.

तिने नाव घेतलं नव्हतं. पण फणस गल्लीच्या टोकावरून दिसत होता. आठवडाभरात लोक झाडाखाली उभे राहून फोटो काढायला लागले. निवाल्दाच्या दवाखान्यात खुर्चीवर बसलेला प्रत्येक पेशंट तोंड उघडण्याआधी झाडाबद्दल मत देऊ लागला. कोणीतरी फाटकाला गंमत म्हणून कुऱ्हाड टेकवून ठेवली, तिच्यावर लाल फीत बांधून.

झुलेइदेने आणखी एक गोष्ट सांगितली नव्हती. तडकलेली भिंत तिची स्वतःची होती. हे लपवावं असं तिने ठरवलं नव्हतं. तिच्या लेखी ते गैरलागू होतं. युक्तिवाद खरा की खोटा हे तो कोणी केला यावर ठरत नाही, हे ती पहिल्या वर्षाच्या मुलांना पहिल्या आठवड्यात शिकवायची. आणि निवाल्दाला आधी विचारायचं तर तिच्या मनातही आलं नव्हतं. उदाहरणाची परवानगी कोण मागतं?

“तिला सांग, हक्क दिला,” ती तार्सीझिओला म्हणाली. “एक मिनिट. पण मग मलाही प्रत्युत्तराचा हक्क.”

“तो तू घेशीलच, हे तिने आधीच सांगितलंय,” तार्सीझिओ म्हणाला आणि सुटल्यासारखा निघून गेला.

शुक्रवारी ती रेडिओच्या आन्सेल्मोला भेटली. आन्सेल्मोने उभी हयात निवडणुकांचे वाद चालवण्यात घालवली होती. घोगरा आवाज, पांढऱ्या मिशा. शनिवारचा कार्यक्रम तो निव्वळ हौसेने सांभाळायचा. बातमी ऐकून त्याचे डोळे चमकले.

“उत्तराचा हक्क! बाजारात! प्रोफेसरबाई, माझी जुनी घंटा अजून आहे घरी. एका राज्यपालाला गप्प केलंय तिने.”

“घंटा आण. पण मला सल्ला दे.”

“सल्ला सोपा आहे. गोष्ट काल्पनिक होती म्हणा. कुठल्याही जिवंत वा मृत झाडाशी संबंध नाही. लोक हसतील, विषय संपेल.”

“आणि निवाल्दा?”

“ती चिडेल. पण खोटं सिद्ध कसं करणार?”

“आन्सेल्मो, फणस गल्लीच्या टोकावरून दिसतो.”

“मग दुसरा मार्ग. माफी मागा. मोठ्याने, रडवेल्या आवाजात. रेडिओवर माफी फार छान वाजते.”

“कशाची माफी मागू? मी चूक काहीच बोलले नाही. वचनाला मालक लागतो, हे मी आजही म्हणते. तिला दुखावलं, हे वेगळं. ते मी तिला घरी जाऊन सांगेन, ती दार उघडेल तेव्हा. पण त्यासाठी बरोबर विधान चूक म्हणून सांगायला मी त्या ओट्यापुढे उभी राहत नाही.”

आन्सेल्मोने मिशीवरून हात फिरवला. “बाई, तुम्ही हरणार नाही. तेवढं मला दिसतंय. पण कोमाद्रेशी वाद जिंकून घरी घेऊन काय जाणार?”

त्या संध्याकाळी तिने भिंतीच्या मुद्द्याचं उत्तर तयार केलं. छोटं, नेमकं, हसू येईल असं. निवाल्दा भिंतीचा विषय काढणार हे नक्की होतं. बाकी काय काढेल याचा तिने अंदाज बांधून पाहिला आणि प्रत्येकाला उत्तर शोधलं. झोप शांत लागली.

शनिवारी बाजारात नेहमीपेक्षा दुप्पट गर्दी होती. मक्याच्या कणसांचे ढीग, कागदी पताका, कुठूनतरी येणारा अ‍ॅकॉर्डियनचा आवाज. सण तोंडावर होता. आन्सेल्मोने घंटा बर्फाच्या पेटीवर ठेवली होती आणि कोणाला हात लावू देत नव्हता.

निवाल्दा आली ती दवाखान्याचा पांढरा कोट घालूनच. बुटकी, ताठ, केस मागे घट्ट बांधलेले. तिने झुलेइदेकडे पाहिलं नाही. मासळीच्या ओट्यापाशी येऊन बिऊला म्हणाली, “सुरा खाली ठेव. तुझी खालची दाढ अजून दाखवायला आला नाहीस.”

“सणानंतर येतो, डॉक्टर.”

“दाढ सण बघत नाही.”

आन्सेल्मोने माइक तिच्या हाती दिला, घड्याळ पाहिलं. “डॉक्टर निवाल्दा, उत्तराचा हक्क. एक मिनिट. सुरू.”

“मी ती झाडवाली बाई,” निवाल्दा म्हणाली. “माझं नाव निवाल्दा. उदाहरणाला नाव नसतं आणि तोंड नसतं. मला दोन्ही आहे, आणि तोंडाचा तर माझा धंदाच आहे.”

लोक हसले. ती थांबली नाही.

“गोष्टीत एक म्हातारी होती. कसली म्हातारी, ते सांगितलं नाही. माझी सासू, एर्मीनिया. तुमच्यातल्या निम्म्यांना तिने शिव्या दिल्यात.”

“मलापण!” बिऊ ओरडला.

“तुला रोज. मला तिने जन्मभर हुकूम सोडले. निवाल्दा, हे आण. निवाल्दा, असं नाही, तसं. ‘करशील का’ असं एकदाही म्हणाली नाही. शेवटच्या आठवड्यात एकदाच म्हणाली, ‘निवाल्दा, झाड राहू देशील का?’ तिने मला विचारलेली ती एवढी एकच गोष्ट. मी हो म्हटलं. माया होती म्हणून नाही. तिने विचारलं म्हणून.”

अ‍ॅकॉर्डियन थांबलं होतं, की गर्दीत ऐकू येत नव्हतं, झुलेइदेला कळलं नाही. ही गोष्ट तिने कधी ऐकली नव्हती. एवढ्या वर्षांत तिने निवाल्दाला विचारलंच नव्हतं की हो का म्हणालीस.

“आणि गोष्टीत एक बिचारी शेजारीण होती, भिंत तडकलेली. ती कोण, तेही सांगितलं नाही.” निवाल्दाने पहिल्यांदाच तिच्याकडे पाहिलं आणि बोट दाखवलं. “ही.”

बाजारात एकच ‘ओऽऽ’ उठला. फुटबॉलच्या मैदानात चेंडू खांबाला लागल्यावर उठतो तसा.

“त्याचंही मला काही नाही. मला एकच विचारायचंय. झुले, आपण दोघींनी आगीवरून उडी मारली होती. शब्द दिला होता. उद्या मी मेले, तर तू त्यातून मोकळी का?”

घंटा वाजली. आन्सेल्मोने वाजवायला थोडा उशीर केला होता आणि त्याबद्दल कोणी तक्रार केली नाही.

“प्रत्युत्तर,” तो म्हणाला. “प्रोफेसरबाई.”

झुलेइदेने माइक घेतला. आवाज तिच्या ताब्यात होता, हातही.

“भिंत माझी आहे,” ती म्हणाली. “हे मी सांगायला हवं होतं. सांगितलं नाही, कारण मला ते महत्त्वाचं वाटलं नाही. आजही म्हणते, ज्याची भिंत तडकली त्याने बेरीज केली म्हणून दोन आणि दोन पाच होत नाहीत. बिऊने मासा ताजा आहे म्हटलं, तर बिऊला तो विकायचाय हे खरं. पण त्यामुळे मासा शिळा होत नाही. मासा उघडून बघावा लागतो.”

“ताजा आहे!” बिऊ म्हणाला. लोक खळखळून हसले. कोणीतरी टाळ्या वाजवल्या. गर्दी तिच्याकडे परत येत होती, हे तिला जाणवलं. पुढचं वाक्यही तयार होतं: कोमाद्रेचं नातं म्हणजे वचन नव्हे, तो एक विधी आहे, आणि विधीचे नियम वेगळे असतात. ते चांगलं वाक्य होतं. शुक्रवारी नाही, आत्ताच, या क्षणी सुचलं होतं. त्याने वाद संपला असता.

ते म्हणण्यासाठी तिने निवाल्दाकडे पाहिलं. निवाल्दा कोटाच्या खिशात हात घालून उभी होती. दाढ काढायला आलेल्याच्या तोंडाकडे बघावं तशी, शांतपणे, आता हा ओरडतो का ते पाहत.

“नाही,” झुलेइदे म्हणाली.

आन्सेल्मोने भुवया उंचावल्या.

“नाही,” ती पुन्हा म्हणाली. “तू मेलीस तरी मी मोकळी नाही. मी तुझ्या मुलीच्या दारात जाणार, तार्सीझिओच्या डोक्यावर ओरडणार, दर वर्षी शेकोटी पेटवणार. मला कोणी सांगणार नाही, कोणी मागणार नाही, तरी. हे मला नक्की माहीत आहे. माझ्या नावाइतकं नक्की.” तिने माइक दुसऱ्या हातात घेतला. “आणि हे जर खरं असेल, तर मालक गेला की वचन बेवारस, हे वाक्य खोटं आहे.”

गर्दीत कुजबूज सुरू झाली.

“थांबा. पूर्ण ऐका. निवाल्दाचं बरोबर, असं मी म्हणत नाहीये. मेलेल्यांनी मागितलेलं सगळंच पाळायचं ठरवलं तर आपण त्यांचे भाडेकरू होऊ. ते मी आजही म्हणते. पण मी दिलेलं वाक्य तुटलंय. तुमच्यासमोर तुटलं, तेही बरंच झालं. नेमकं कुठून तुटलं, ते मला आत्ता माहीत नाही.”

“मग बाई,” भाजीच्या पिशव्या घेतलेली एक बाई पुढून म्हणाली, “आज घरी न्यायचं काय?”

“काही नाही. आज भांडं रिकामं जातंय.”

“असं कसं? मी वाक्यासाठी उन्हात उभी राहिले!”

“पुढच्या वेळी सावलीत उभी राहा,” निवाल्दा तिला म्हणाली. तिने कोटाचं बटण लावलं, आन्सेल्मोला मान लववून आभार मानले आणि गर्दीतून वाट काढत निघून गेली. झुलेइदेशी एक शब्द न बोलता.

दुपारी झुलेइदेने पुन्हा खीर शिजवली. तेच भांडं भरलं, दालचिनी भुरभुरली आणि स्वतः शेजारी घेऊन गेली. दार तार्सीझिओने उघडलं. घरातल्याच दवाखान्यातून दाताच्या यंत्राचा आवाज येत होता.

“तिला सांग,” झुलेइदे म्हणाली, “तिला न विचारता तिची गोष्ट सांगितली, ती चूक. ती वाक्याची नाही, माझी. आणि यापुढे मी कोणालाही विचारल्याशिवाय ओट्यावर उभं करणार नाही.”

यंत्राचा आवाज थांबला. तार्सीझिओने मागे वळून पाहिलं. यंत्र पुन्हा सुरू झालं.

“ऐकलंय तिने,” तो कुजबुजला आणि भांडं आत घेऊन गेला.

रविवारी भांडं आलं नाही. सोमवारी दुपारपर्यंतही आलं नाही. आलं नाही म्हणजे रिकामं आलं नाही, असं तिने स्वतःला एकदा सांगितलं आणि मग सांगायचं सोडून दिलं. विद्यार्थ्यांचे निबंध तपासले. चार वाजता लाकडं रचायला घेतली. सकाळच्या सरींनी ती दमट झाली होती. गल्लीत दारोदार शेकोट्या रचून झाल्या होत्या, पोरं फटाके उडवत होती, कणसं भाजल्याचा वास सुटला होता. दोन फाटकांच्या मध्ये झुलेइदे एकटी वाकून वर्तमानपत्र पेटवत होती आणि ते विझत होतं.

“असं पेटतं का कधी?”

निवाल्दा मोठी फांदी ओढत येत होती. कोरडी, वाळलेली, साल निघालेली. आतलं लाकूड हळदीसारखं पिवळं. तिच्या मागे तार्सीझिओ, हातात झाकलेलं भांडं.

“फणसाची?” झुलेइदेने विचारलं.

“कापलेली नाही. पडलेली आहे. टोक नीट बघून घे, नाहीतर पुढच्या शनिवारी म्हणशील निवाल्दाने वचन मोडलं.”

झुलेइदेने खरंच टोक पाहिलं. मोडलेलं होतं, कापलेलं नव्हतं.

“पडलेली जाळायला एर्मीनियाची हरकत नसावी,” ती म्हणाली.

“एर्मीनियाची सगळ्याला हरकत असायची. जाळ.”

फांदीने पेट घेतला. दोघी बाजूला सरकल्या. तार्सीझिओने भांडं झुलेइदेच्या हाती दिलं. जड होतं. झाकण उचललं तर आत मक्याच्या पानांत बांधून उकडलेल्या वड्या, अजून गरम, आणि वर दोन केळी.

“केळी त्याची,” निवाल्दा म्हणाली. “रडत होता त्यांच्यासाठी.”

“मी रडत नव्हतो,” तार्सीझिओ म्हणाला.

आग वाढली. समोरच्या घरातून कोणीतरी ‘झाडवाली बाई, भिंतवाली बाई, दोघी आल्या!’ असं ओरडलं. निवाल्दाने त्या दिशेने हात उडवला.

“तुटलं कुठे, ते सापडलं का?” तिने विचारलं, आगीकडे बघत.

“थोडंसं. मी धरून चालले होते की वचन दिलं की ते घेणाऱ्याचं होतं. सगळंच्या सगळं. पण देणारीकडेही थोडं राहत असावं. एर्मीनिया गेली तेव्हा तिचा हिस्सा गेला. तुझा राहिला. तो हिस्सा पाळायचा की नाही, ते तिच्यावर नाही, तू कोण आहेस त्यावर ठरतं.”

निवाल्दाने जरा विचार केला. “हे पिशवीत मावणार नाही.”

“नाही मावत. कापून बघितलं. मरतं.”

“मग ओट्यावर काय सांगणार?”

“असंच सांगेन, लांबलचक. उभं राहायचं असेल तर राहतील.” झुलेइदेने वडीचं पान सोडलं. “आणि भिंत मी पाडतेय.”

“काय?”

“माझी भिंत. तिला मी कोणाला वचन दिलेलं नाही. मुळांना हवं तिकडे जाऊ दे. तिथे जास्वंदीचं कुंपण लावेन.”

“डोकं फिरलंय का? भिंत पाडलीस तर तुझा कुत्रा माझ्या दवाखान्यात शिरेल. परवा त्याने पेशंटचा बूट नेला.”

“परवा भिंत होती.”

“तडकलेली होती! तिथूनच शिरला!”

“म्हणजे तुझ्याच झाडाने त्याला रस्ता करून दिला.”

“तार्सीझिओ,” निवाल्दा म्हणाली, “घंटा आण.”

तार्सीझिओ हलला नाही. तो केळं सोलत होता.

निवाल्दाने कोटाची बाही वर सरकवली, झुलेइदेचा हात मनगटाला घट्ट पकडला आणि तिला आगीच्या दुसऱ्या बाजूला ओढायला लागली. वाद तिथून घालणं सोयीचं होतं. इकडे धूर येत होता.